गिरिजाबाईनं न वाचलेली ओळ

गिरिजाबाई वाचायला शिकली ती पन्नाशीत, आणि तेही सुनेकडून. सुनेपुढं पाटी धरून बसणारी सासू तुम्ही कुठं पाहिली असेल तर मला सांगा. तीर्थपुरीच्या अलीकडच्या आमच्या गावात, बौद्ध वस्तीत, ही एकच होती. सून सत्यशीला सातवी पास. ती चुलीपुढच्या राखेत अक्षर काढायची आणि सासू त्याच्यावर बोट फिरवायची. ‘क्ष’ आणि ‘ज्ञ’नं बाईला सहा महिने दमवलं, पण तिनं पिच्छा सोडला नाही. अक्षरं लागायला लागली तशी तिला चैन पडेना. एसटीची पाटी, खताची गोणी, जे दिसेल ते मोठ्यानं वाचायची. दवाखान्याच्या भिंतीवर कुटुंबनियोजनाच्या लाल त्रिकोणाखाली लिहिलेलं तिनं भर बाजाराच्या दिवशी ठणठणीत आवाजात वाचलं, तेव्हा बापे माणसं खाली माना घालून सटकली होती.

बहात्तर साली पाऊस गेला तो गेलाच. सगळं गाव खडी फोडायला बसलं. ज्यांच्या वाड्यावर बाकीचे राबायचे तेही बसले. मुकादम झाले अण्णासाहेब. त्यांची तीन विहिरींची बागायत पार वाळून गेली होती, तरी मिशीचा पीळ काही सुटला नव्हता. लिंबाखाली खुर्ची टाकून, हजेरीचं मस्टर मांडीवर घेऊन ते बसायचे. पोटाला अमेरिकेची लाल मिलो ज्वारी. तिची भाकर थापताना फुटायची आणि खाताना घशात अडायची, पण दुसरं होतं काय? लेकरांना दुपारी सुकडी मिळायची, तीही परदेशातून आलेली.

पाण्याच्या टँकरवरचा धर्मराज ड्रायव्हर जालन्याहून येताना पेपर आणायचा, कालचा. जेवणाच्या सुट्टीत गिरिजाबाई तो वाचायची आणि साठेक बाया हातातली भाकर तशीच धरून ऐकायच्या. ऐकायच्या कशाबद्दल, तर व्हिएतनामबद्दल. हसू नका. पावसाची बातमी रोज तीच असायची, पुढाऱ्यांची भाषणंही तीच. ह्या लढाईत मात्र रोज काहीतरी घडायचं. आणि एक दिवस बाईनं वाचलं, की तिकडं गावोगावी बुद्धविहारं आहेत. झालं. वस्तीतल्या बायांना ती माणसं एकदम सोयऱ्यासारखी वाटायला लागली. छप्पन साली दीक्षा घेतल्यापासून जवळपासच्या चार गावांपलीकडं आपलं कोणी आहे असं कधी कळलंच नव्हतं. इथं तर आख्खा देश निघाला. वाचण्याआधी त्या त्रिशरण म्हणायला लागल्या. अमेरिका बुद्धाच्या माणसांवर चालून आली, असं गिरिजाबाईनं सांगून टाकलं, आणि साठ बायांनी ते मान्य केलं.

दोन महिने असंच चाललं. मग एका दुपारी वाचता वाचता तिची जीभ अडखळली. दक्षिणेकडच्या सरकारची फौज, जी अमेरिकेच्या बाजूनं लढते, तिच्यातली पोरंही बौद्धच होती. तिनं ती ओळ तीनदा वाचली. दुसरी एखादी असती तर ओळ गाळून पुढं गेली असती. हिनं पेपर मांडीवर ठेवला आणि सरळ सांगितलं, की बायांनो, मी चुकले, तुम्हाला दोन महिने चुकीचं सांगितलं, आपले दोन्हीकडं मरून राह्यलेत. बायांना राग आला. इतके दिवस ज्यांच्यासाठी डोळ्यांतून पाणी काढलं ते नेमके कोण, हेच आता कळेना.

पण गिरिजाबाईला त्याच दिवशी खरं युद्ध कळायला लागलं. कारण पुढं लिहिलं होतं, की तिकडच्या खेड्यांत रात्री बंदूकवाले येऊन तांदूळ मागतात आणि दिवसा सरकारी फौज येऊन विचारते, तांदूळ कोणाला दिला? हे तिला पेपरात वाचायची गरजच नव्हती. निझामाच्या शेवटच्या वर्षी रात्री निझामाशी लढणारे कॅम्पावरचे यायचे, भाकरी मागायचे. दिवसा रझाकार यायचे, रात्री कोणाला जेवू घातलं म्हणून विचारायचे. तिचा नवरा रखमाजी दोन्हीकडं हात जोडून उभा राहिला आणि दोन्हीकडून मार खाल्ला. त्याचा पाय मोडला तो कधी सरळ झाला नाही, आणि चार वर्षांत माणूस गेला. कोणत्या बाजूचा म्हणून गेला, हे अजून कोणी सांगितलेलं नाही.

डिसेंबरात नाताळच्या सुमाराला त्या देशाच्या उत्तरेकडच्या राजधानीवर अमेरिकेचे बॉम्ब पडले. दवाखान्यावरही पडले, डॉक्टर आणि नर्सा मेल्या. ही बातमी तिनं पूर्ण वाचली. त्या दिवशी जेवणाची सुट्टी संपली तरी कोणी हातोडी उचलेना, आणि अण्णासाहेबांनीही हाक मारली नाही.

जानेवारीत हुकूम आला, की सुकडी देणाऱ्या संस्थेच्या परदेशी बाई खडी केंद्र बघायला येणार. अमेरिकेच्या बाई. तालुक्याहून एक साहेब आले आणि त्यांच्या डोक्यात एक झकास कल्पना आली. दुष्काळात खडी फोडणारी आणि पन्नाशीत वाचायला शिकलेली बाई पाहुण्यांपुढं आभाराचं मानपत्र वाचेल. फोटो निघेल. मानपत्र टाइप होऊन आलं. गिरिजाबाईनं ते घरी सत्यशीलेला वाचून दाखवलं. सगळं ठीक होतं, धान्याचे आभार, सुकडीचे आभार. शेवटून दुसरी ओळ होती, ‘जगभर शांतता आणि माणुसकी जपणाऱ्या आपल्या थोर देशाला आमचे कोटी कोटी प्रणाम.’

सासूनं कागद घडी करून ठेवला आणि ती ओळ काही आपल्याच्यानं वाचवणार नाही, म्हणाली. सत्यशीला घाबरली. तिला सातवा महिना होता, नवरा कामाच्या शोधात मुंबईला गेलेला, हजेरी दोघींचीही होती, आणि मस्टर अण्णासाहेबांच्या हातात. “आत्याबाई, एक ओळ हाय. पटकन वाचून टाका. कोण लक्ष देतंय?”

“त्या साठ बाया देत्यात,” गिरिजाबाई म्हणाली. “रोज त्यांना मीच वाचून दाखवते ना? मंग त्याच तोंडानं हे बी वाचू?”

ही गोष्ट कानावर गेली तसे वस्तीतले देवानंद गुरुजी खूश झाले. ते म्हणाले, मग उभी राहून व्हिएतनामच्या वीरांचा जयजयकार कर, आम्ही मागून घोषणा देतो. गुरुजी मोठे माणूस, विहारात त्यांचाच शब्द चालायचा. बाईनं त्यांनाही नकार दिला. वीर रात्री भाकरी मागायला येतात तेव्हा तुम्ही चुलीपुढं नसता गुरुजी, असं ती तोंडावर म्हणाली. गुरुजींनी तिच्याशी बोलणं टाकलं. म्हणजे ओळ गाळली की मुकादम जाणार, आणि गुरुजी तर आधीच गेले.

पाहुण्या बाई आल्या. गोऱ्यापान, उन्हानं नाक लाल झालेलं, साठीच्या आसपास. साध्या होत्या बिचाऱ्या, खडीवरच बसायला निघाल्या होत्या. त्यांच्याबद्दल वाईट बोलावं असं काही नव्हतं. गिरिजाबाई उभी राहिली आणि कागद वाचायला लागली. अक्षर न् अक्षर बरोबर. साहेबांचा चेहरा फुलला. मग ती ओळ आली आणि बाई थांबली. सगळ्यांना वाटलं, जोडाक्षरावर अडली. अण्णासाहेबांनी हळूच पुढचा शब्दही सांगितला.

“अडले न्हाई,” ती म्हणाली. “मला वाचता येतंय. म्हणूनच वाचणार न्हाई.”

मग ती पाहुण्या बाईंकडं वळली आणि आपल्या बोलीत बोलली. तुमचं धान्य आम्ही खाल्लं, लेकरं जगली, हे उपकार मी मरेपर्यंत विसरणार नाही. पण तुमच्याच देशाचे बॉम्ब दवाखान्यावर पडले, हेही मी ह्याच तोंडानं ह्या बायांना वाचून दाखवलंय. एका हातानं घास देता म्हणून दुसऱ्या हाताचं मी झाकू कसं? तिकडच्या बायांकडं रात्री एक येतो, दिवसा दुसरा येतो, आणि वरून तुमचं विमान येतं. त्यांनी भाकर कोणाला द्यावी, एवढं सांगा. 

साहेबांनी इंग्रजीत चार शब्दांत उरकलं. पाहुण्या बाई हसल्या आणि टाळ्या वाजवायला लागल्या.

गिरिजाबाईला इंग्रजी कुठलं येतं? पण आपण किती बोललो हे तिला ठाऊक होतं. “साहेब, माझं बोलणं तुम्ही कापलं,” ती म्हणाली. “बराबर सांगा. व्हिएतनाम म्हनलं होतं मी, ते तर आलंच न्हाई.”

तो शब्द पाहुण्या बाईंना कळला. टाळी अर्ध्यावर राहिली. त्यांनी साहेबांकडं बघून काहीतरी विचारलं, आणि मग साहेबांना घाम पुसत पुसत सगळं सांगावं लागलं. बाईंनी खाली मान घालून ऐकलं. मग बाई गाडीत बसून गेल्या. फोटो निघाला नाही.

दुसऱ्या दिवशी हजेरीत अण्णासाहेबांनी गिरिजाबाईचं नाव ओलांडलं आणि पुढचं पुकारलं. सत्यशीलेचं राहू दिलं, तेवढी लाज त्यांना होती. बाई आपल्या जागेवर बसली आणि दिवसभर खडी फोडली. तिच्या ढिगाचं माप कोणी घेतलं नाही. तिसऱ्या दिवशीही तेच. सून रडायची, घरी बसा म्हणायची. एका हजेरीवर दोघींचं भागत नव्हतं, आणि सासू आपली अर्धी भाकर पोटुशीच्या ताटात सरकवायची. पण पहाटे उठून केंद्रावर जायची ती जायचीच. पेपर मात्र तिनं वाचला नाही. ज्याची हजेरी नाही त्याला जेवणाची सुट्टीही नाही, म्हणायची आणि दुपारभर हातोडी चालवायची. बाया गुपचूप मिलोची भाकर मोडायच्या.

अकरा दिवस गेले. बाराव्या दिवशी दुपारी अण्णासाहेबांनी धर्मराजाच्या हातून पेपर घेतला आणि खुर्चीवरून उठून स्वतः मोठ्यानं वाचला. युद्ध संपलं. पॅरिसमध्ये तह झाला, लढणाऱ्या चार बाजूंच्या चौघांच्या सह्या झाल्या. वाचून त्यांनी जिंकल्यासारखं सगळीकडं पाहिलं. साठ बायांची एकेक मान गिरिजाबाईकडं वळली.

“खरंच संपलं का, गिरिजाबाई?” एकीनं विचारलं.

हातोडी चालूच होती. “मला कामून विचारता? मी हजेरीत न्हाई.”

अण्णासाहेब म्हणाले, मी वाचलं ते काय खोटं आहे? जेवणाची सुट्टी संपत आली होती आणि भाकरीचं फडकं सोडायला कोणी तयार नव्हतं. त्यांनी मिशीवरून हात फिरवला. त्यांनाही ऐकायचं होतं, हे त्यांच्या तोंडावर दिसत होतं. मग ते खुर्चीकडं गेले, मस्टर उघडलं आणि भर दुपारी पुकारलं, “गिरिजाबाई रखमाजी.”

“हजर,” ती म्हणाली. “आन मागचे अकरा दिवस?”

अण्णासाहेबांनी तिच्याकडं पाहिलं, तिच्या बेमाप ढिगाकडं पाहिलं आणि पेन्सिलीनं अकरा खुणा केल्या.

तेव्हा ती उठली. पदराला हात पुसले, पेपर घेतला आणि पहिल्या अक्षरापासून शेवटच्या कोपऱ्यापर्यंत वाचला. घाई केली नाही.

“सह्या चौघांच्या हायत,” ती म्हणाली. “ज्यांची घरं जळाली त्यांच्यातल्या एकीचा बी अंगठा न्हाई. अमेरिका घरी चालली, एवढंच लिहिलंय ह्यात. ते संपलं म्हणत्यात. मी म्हणणार न्हाई.”