मतुरस भावोजी आणि दोन बादल्या पाणी

मतुरस भावोजींना जाऊन तीन वर्षं झाली, तरी नदीवर कपडे आपटताना कुणी ना कुणी मला विचारतंच, "बोनियामावशी, खरं सांगा, त्या दिवशी निशाण देवानं धरून ठेवलं होतं की तुमच्या भावोजींनी?" विचारणारी त्या वेळी जन्मलेलीसुद्धा नसते. मी म्हणते, आधी माणूस कसा होता ते ऐका, मग तुमचं तुम्ही ठरवा.

माणूस डोंगरापलीकडचा, दक्षिणेचा. रोमच्या पलटणीबरोबर आमच्या किल्ल्यात आले तेव्हा मी नऊ वर्षांची होते आणि माझी थोरली बहीण आदनामा सतरा. वर्षभरात भावोजी किल्ल्याबाहेरच्या आमच्या वस्तीत, ताईच्या चुलीपाशी बसून राळ्याची पेज ओरपू लागले. शिपायाला नोकरीत असेपर्यंत लग्न करता येत नाही. त्यामुळे ताई त्यांची बायको होती आणि नव्हतीही. पुढे दोन मुलं झाली, तीही तशीच. पंचवीस वर्षं भरून सन्मानानं सुटका झाली की जमिनीचा तुकडा मिळणार होता आणि सगळं कायद्यात बसणार होतं. ताई दर वर्षी दाराच्या चौकटीवर चाकूनं एक खाच पाडायची.

भावोजींचं काम म्हणजे पलटणीचं पहिलं निशाण वाहायचं. उंच दांडा, त्यावर चांदीच्या थाळ्या, सगळ्यात वर उघडा पंजा. डोक्यावर लांडग्याचं कातडं घ्यायचं. पावसात ते कातडं असं काही घाण मारायचं की ताई दारातच अडवायची, "आधी लांडगा बाहेर टांगा, मग आत या." थाळ्या ते राख आणि आंबलेल्या द्राक्षरसानं घासायचे. मी शेजारी बसून डोकं खायची.

"भावोजी, देव वरच्या पंज्यात असतो की खालच्या दांड्यात?"

"मला काय ठाऊक? मी फक्त उचलतो."

"मग जड कुठून लागतं?"

तेव्हा ते थाळी घासत राहिले. दुसऱ्या दिवशी दुपारी मुद्दाम नदीवर आले आणि म्हणाले, "मधून." एवढंच सांगायला आले होते. तसा माणूस. काही विचारलं की ते मनात ठेवून फिरायचे आणि उत्तर सापडलं की देऊन जायचे. खोटं त्यांना यायचंच नाही. ताईनं विचारलं, "कालवण खारट झालंय का?" तर म्हणायचे, "झालंय." ताई आठ दिवस बोलायची नाही, तरी पुढच्या वेळी तेच.

चौकटीवर चोवीस खाचा झाल्या आणि पंचविसावीला अकरा महिने उरले, त्या हिवाळ्यात बंड झालं.

आमच्या प्रांताच्या सुभेदारानं जाहीर केलं की रोममधला सम्राट नालायक आहे, माझ्यामागे या. शिपाई आधीच चिडलेले होते. म्हाताऱ्यांना सुटका मिळत नव्हती, नायकांच्या छडीनं पाठी सोलून निघत होत्या. पलटणीनं आरोळी ठोकली. पहिल्या तुकडीचा नायक कापितो सगळ्यांत मोठ्यानं ओरडला. तिसऱ्या दिवशी सकाळी कूच करायचं ठरलं.

भावोजी घरी आले आणि चुलीपाशी बसले. ताई पीठ मळत होती. तिनं हात न थांबवता विचारलं, "तुम्ही कुणाच्या बाजूनं?"

"निशाण जाईल तिकडे मी."

"आणि निशाण कुठं जाणार?"

"मी नेईन तिकडे."

मला हसू फुटलं. ताईनं पिठाचा गोळा माझ्या अंगावर फेकला. "हसतेस काय बये! हे बंड फसलं तर पहिली मान निशाणवाल्याची उडवतात. तोंड लपवायला जागाच नाही, सगळ्यांनी बघितलेलं असतं."

"आणि नाही उचललं तर?" मी विचारलं.

"तर आपलेच लोक दगडांनी ठेचतील," भावोजी म्हणाले. "मी बारा हजार दिवस हे लोक माझ्यामागे चालवलेत. आता एकदम थांबून सांगू, तुमचं तुम्ही बघा?"

"बारा नाही, नऊ हजार," ताई म्हणाली. डोळे पुसले तर पीठ कपाळाला लागलं. "मोजलेत मी."

कूच करायच्या आदल्या दिवशी सगळी निशाणं कवायतीच्या मैदानात जमिनीत रोवतात, त्यांना धुऊन वेली-पानांनी सजवतात. सकाळी पहिलं निशाण उपटलं की मगच बाकीच्यांना हात लावायचा. सहज निघालं तर देव बरोबर येतो. अडलं तर त्याची मर्जी नाही. आणि निशाणवाल्याखेरीज दुसऱ्यानं ते उपटायचं नाही, ते मोठं पाप.

भावोजींनी मला सांगितलं, "नदीचं दोन बादल्या पाणी आण. धुवायचंय." मी आणलं. त्यांनी दांडा धुतला, थाळ्या धुतल्या, मग कुणी हाक मारली म्हणून गेले. दीड बादली पाणी तसंच उरलं होतं. आता देवाला लागलेलं पाणी कुठंही ओतायचं नाही, कुणाच्या पायाखाली येऊ द्यायचं नाही, त्याच्याच पायाशी घालायचं, हे आमच्या आईनं आम्हाला शिकवलेलं. दक्षिणेकडच्या लोकांत ही रीत नाही, ते रस्त्यावर भिरकावतात. मी नदीमायचं नाव घेतलं आणि सगळं पाणी हळूहळू दांड्याच्या मुळाशी ओतलं. मातीनं ते गटागटा पिऊन टाकलं. मनात म्हटलं, नदीमाय, माझ्या भावोजींना सांभाळ. आणि घरी गेले.

सकाळी उठले तर दाराशी भरून ठेवलेल्या रांजणातलं पाणी गोठून दगड झालेलं.

मैदानात सगळी वस्ती जमली होती. आम्ही बायका कडेला. पलटण रांगेत, तोंडातून वाफा निघताहेत. भावोजी पुढे झाले, लांडग्याचं कातडं सारखं केलं, दोन्ही हातांनी दांडा धरला आणि ओढला.

निशाण हललं नाही.

मागून कुणीतरी म्हणालं, "रात्री उपाशी ठेवलं वाटतं बायकोनं!" सगळे हसले. ताईसुद्धा हसली जराशी.

भावोजींनी पुन्हा ओढलं. थाळ्या वाजल्या, पण दांडा नाही हलला. आता कुणी हसलं नाही. एक म्हातारा शिपाई हळूच बोलला, "त्याला यायचं नाहीये." आणि ते शब्द एका रांगेतून दुसऱ्या रांगेत जाताना मला दिसले, खरंच दिसले, एकेक तोंड वळत गेलं.

मी दांड्याच्या मुळाशी बघितलं. मला कळलं होतं. त्या मैदानात मला एकटीला कळलं होतं.

कापितो तरातरा पुढे आला. "नाटकं करतोस? सम्राटाचा कुत्रा झालास?" त्यानं तलवार उपसली आणि टोक भावोजींच्या बरगडीला लावलं. "ओढ. या वेळी निघालं नाही तर तुला इथंच आडवा करतो आणि दुसरा निशाणवाला नेमतो."

मी तोंड उघडलं. ओरडावं, पाणी मी ओतलं म्हणून सांगावं? पण मग बंडवाले म्हणतील, हिनं चेटूक केलं. आणि भावोजींनीच पाणी मागवलं होतं, म्हणजे दोघं मेलो. माझा आवाजच फुटला नाही. ताईनं माझं मनगट असं धरलं होतं की नखांच्या खुणा पुढं महिनाभर राहिल्या.

भावोजींनी हातमोजे काढले. उघड्या हातांनी दांड्याची लोखंडी मूठ धरली. त्या थंडीत! गुडघे वाकवले, मानेच्या शिरा दोरखंडासारख्या फुगल्या, आणि त्यांनी ओढलं. किती वेळ ते मला सांगता येणार नाही. शेवटी हात सुटले तेव्हा तळव्यांची कातडी लोखंडाला चिकटून राहिली. रक्त दांड्यावरून खाली ओघळलं.

भावोजींनी दोन्ही हात कापितोपुढे धरले. "नायक, मी ओढलं," ते म्हणाले. रागानं नाही. कालवण खारट आहे म्हणावं तसं.

तो म्हातारा शिपाई रांग सोडून आला आणि कापितो आणि भावोजींच्या मध्ये उभा राहिला. मग दुसरा आला. मग किती आले ते मोजता येईना. "हा माणूस खोटं ओढत नाही," म्हातारा म्हणाला. "तलवार म्यानात घाल, कापितो. देव येत नाही तिथं आम्ही येत नाही."

चार दिवस निशाण तिथंच उभं होतं. त्या चार दिवसांत सगळं उलटलं. दुसऱ्या किल्ल्यातल्या पलटणीनंही पाय मागे घेतला, सुभेदार पळून गेला, कापितो एका सकाळी दिसेनासा झाला. चौथ्या दिवशी पलटणीनं सम्राटाची शपथ पुन्हा घेतली. त्याच सकाळपासून दक्षिणेचा ऊबदार वारा सुटला होता. दुपारी भावोजींनी फडकी गुंडाळलेल्या एका हातानं निशाण उचललं, लोण्यातून सुरी निघावी तसं निघालं. लोक रडले. मीही रडले. त्या वाऱ्याबद्दल मी कुणाशी बोलले नाही.

पण गोष्ट तिथं संपली नाही. वसंतात रोमहून तपासणीस आला. बारीक, सर्दी झालेला, सारखा नाक पुसणारा माणूस. त्यानं भावोजींना किल्ल्यात बोलावलं. ताई आणि मी कपड्यांची टोपली घेऊन मागोमाग गेलो, कुणी अडवलं नाही.

"निशाणावर हात ठेव आणि सांग," तपासणीस म्हणाला. "तू मुद्दाम थांबवलंस ना? सम्राटाच्या इमानापोटी? तसं असेल तर आजच सुटका, सन्मानानं, चांगली जमीन."

"नाही साहेब," भावोजी म्हणाले. "मी जीव तोडून ओढलं."

तपासणीसानं नाक पुसलं. "म्हणजे निघालं असतं तर बंडाबरोबर गेला असतास."

"हो."

"त्याची शिक्षा माहिती आहे?"

"आहे."

ताई टोपली टाकून पुढं धावली. "अहो, 'मुद्दाम' म्हणा ना! एक शब्द! पंचवीस वर्षांत मी काही मागितलं का तुमच्याकडं?"

"अगं, माझा हात निशाणावर आहे," भावोजी म्हणाले, आणि त्यांचा चेहरा असा केविलवाणा झाला की मला बघवेना.

मग माझा आवाज फुटला. मैदानात फुटला नव्हता, तो तिथं फुटला. "साहेब, पाणी मी ओतलं होतं. दीड बादली. मुळाशी. रात्री ते गोठलं."

तपासणीस माझ्याकडं बघत राहिला. "तू कोण?"

"धुणं धुते मी. यांची मेहुणी."

"कुणी सांगितलं होतं ओतायला?"

"कुणी नाही. आमची रीत आहे. पाणी मात्र भावोजींनी मागवलं होतं."

"धुवायला," भावोजी घाईनं म्हणाले. "धुवायला मागवलं होतं."

तपासणीस पहिल्यांदाच हसला. बाहेर पलटण कवायत करत होती. ज्या माणसाच्या रक्तानं ती पलटण माघारी वळली होती, त्याची मान उडवली तर काय होईल हे त्यालाही कळत असणार. त्यानं लेखणी उचलली आणि मोठ्यानं म्हणत लिहिलं, "निशाणवाल्याने कूच करण्याआधी पाणी मागवले. ते निशाणाच्या मुळाशी ओतले गेले. त्यामुळे निशाण निघाले नाही आणि पलटण गेली नाही." मग भावोजींना विचारलं, "यात खोटं काय आहे? नीट विचार कर."

भावोजींनी विचार केला. किती वेळ केला! ताई तेवढ्या वेळात दोनदा खाली बसली आणि दोनदा उठली.

"खोटं काही नाही," शेवटी ते म्हणाले. "पण..."

"'पण' मी विचारलेला नाही," तपासणीस म्हणाला आणि शिक्का उमटवला. "रोममध्ये ज्याला जे वाचायचं ते तो वाचेल."

त्या शरद ऋतूत ताईनं पंचविसावी खाच पाडली आणि नदीच्या वरच्या अंगाला मिळालेल्या जमिनीवर दोघं राहायला गेली. लग्न झालं तेव्हा ताईचे केस पिकू लागले होते. वस्ती तीन दिवस जवाची दारू पीत होती.

पण भावोजींच्या मनातून ते जाईना. पहिल्याच हिवाळ्यात माझ्या दारात येऊन उभे राहिले. "बोनिया, तू ते मुद्दाम ओतलंस?"

"नाही हो. आईनं शिकवलं होतं म्हणून."

"तुझ्या आईला कुणी शिकवलं?"

"तिच्या आईनं."

मान हलवून गेले. दुसऱ्या दिवशी मी गेले तर अंगणात एक दांडा रोवलेला. दीड बादली पाणी ओतून ठेवलं होतं. सकाळी ओढून पाहिला तर अलगद निघून आला. पुढच्या वर्षी पुन्हा. तेव्हा अडकला, तीन दिवस. त्याच्या पुढच्या वर्षी थंडी जास्त होती, तरी निघाला. बावीस हिवाळे त्यांनी हा उद्योग केला. ताई म्हणायची, "ना शेंगा, ना वेल, अंगणात मधोमध नुसता दांडा! लोक काय म्हणतील?" ते म्हणायचे, "अजून कळत नाहीये." तळव्यांवर रेषा उरल्या नव्हत्या, गुळगुळीत दोन चकत्या. त्या ते दांड्यावर घासत बसायचे.

शेवटच्या हिवाळ्यात दांडा रोवला, पाणी घातलं, आणि सकाळ बघायला ते राहिले नाहीत. मी त्यांना आंघोळ घातली. ते पाणी कुठं ओतायचं हा प्रश्न मला पडला नाही.

बर्फ वितळल्यावर ताई म्हणाली, "बोनिया, तो दांडा तेवढा काढून टाक गं. मला बघवत नाही."

मी अंगणात गेले. माती मऊ झाली होती, दांड्याभोवती पाणी साचलं होतं. मी धरला. जरासा हलला. मी हात सोडला आणि घरात आले.

"निघत नाही गं," मी म्हटलं.

ताईनं माझ्याकडं बघितलं. "नीट ओढलास का?"

"ओढला."

"बरं," ती म्हणाली. "मग राहू दे."