बेलीफाची तहान

मंगळवारी दुपारी कोर्टाचा बेलीफ बाळापूरला एका फूलवालीच्या घराला कुलूप लावायला आला. बँकेचं कर्ज थकल्याने जप्तीचा हुकूम होता. बातमीसाठी मी सोबत होतो. अकोल्याच्या कोर्टात मी त्याला रोज पाहतो. जप्तीच्या घरातही तो चपला बाहेर काढतो.

“वकिलाचा फोन आला. कोर्टानं हप्ते बांधून देले, जप्ती थांबवली,” ती म्हणाली.

“फोनवर मले थांबता येत नाई, माय. कागद पायजे.”

“मंग लावा न कुलूप! बसले काहून?”

“पाणी पाज आधी.”

तीन तासांत त्याने चार वेळा पाणी मागितलं. साडेपाचला वकील हुकमाची नक्कल घेऊन आला. बेलीफाने ती दोनदा वाचली, कुलूप पिशवीत टाकलं आणि चपला घातल्या.