आईला लाच म्हणून बाथर्स्ट, आणि मध्येच आलेल्या हॅनाबाई

ही सहल नव्हती, लाच होती. आई मिरजेहून आमच्याकडे सिडनीत गिरावीनला आली ती माझ्या लेकीला, इराला, शाळेतून आणायला, वरणभात भरवायला आणि आम्हा दोघांच्या नोकऱ्या शाबूत ठेवायला. आता तिचा व्हिसा संपत आला होता आणि मला तो वाढवून हवा होता. आई नुसतं "बघू" म्हणायची, आणि आमच्या घरात "बघू" म्हणजे नाही. तेवढ्यात नवऱ्याला, निखिलला, बातमी लागली की बाथर्स्टच्या एका छोट्या गॅलरीत हॅना नावाच्या जुन्या अमेरिकन चित्रकर्तीचं प्रदर्शन लागलंय. आई जन्मभर चित्रकलेची बाई, अजूनही घरी एलिमेंटरी-इंटरमिजिएटचे क्लास घेते. म्हटलं, सोन्याहून पिवळं!

शनिवारी सकाळी एम-फोर हायवे धरला, मग ब्लू माउंटन्सचा घाट. न थांबता अडीच-तीन तास लागतात. आम्ही कटूम्बाला थ्री सिस्टर्सचे सुळके बघायला थांबलो. तिथलं पार्किंग महाग आहे, गाडी लांबच्या गल्लीत लावा आणि मुकाट चाला. धुकं इतकं की एकही बहीण दिसेना.

"घरकाम करत असतील," आई म्हणाली.

मी खो खो हसले. तो टोमणा होता हे घाट उतरल्यावर कळलं.

लिथगोच्या बेकरीत पालक-चीजचा पाय, म्हणजे आत सारण भरलेली खारी पेस्ट्री, चांगला मिळतो, पण फुंकून खा. माझी जीभ भाजली, त्यामुळे बाथर्स्टपर्यंत गाडीत शांतता होती.

गॅलरीला तिकीट नाही. हॅनाबाईंची कहाणी भिंतीवरच लिहिली होती. वडील चित्रकार. भावांना रीतसर शिकवणी, आणि ही वडिलांनी काढलेल्या चित्रांतल्या शेठजींच्या कोटाची नुसती बटणं रंगवणार. लग्न केलं नाही, म्हणून भावांची पोरं सांभाळायची ड्युटी आपसूक गळ्यात. एकदा परगावी एका कुटुंबाची चित्रं काढायला म्हणून महिनाभरासाठी गेली, ती परत आलीच नाही. भावांनी बोलावणी धाडली. बाईंनी तिथेच खोली घेतली, दारावर पाटी लावली आणि म्हातारपणापर्यंत गावातल्या यच्चयावत तालेवारांची तोंडं रंगवली. चांगली फुगलेली, खडूस तोंडं.

"हात बघ," पहिल्या चित्रांपाशी आई म्हणाली. "कुणाचे कोटात, कुणाचे शालीत. जमत नव्हते हिला. माझ्या क्लासची पोरंही असेच लपवतात."

"आजी, शी इज चीटिंग!" इरा ओरडली.

"नाही गं, शिकतेय."

शेवटच्या चित्रात म्हाताऱ्या हॅनाबाई स्वतः होत्या. दोन्ही हात समोर, सुरकुत्यांसकट, एकात ब्रश. आई तिथून हलेना. मला वाटलं, खूश आहे, हाच मुहूर्त.

"आई, मग व्हिसाचं काय करायचं?"

"माझी पोरं आत्ता कुठे हात काढायला लागलीत," ती चित्राकडेच बघत म्हणाली. "परीक्षेआधी मला तिथे पोचायचंय. इरा गोड आहे, पण तू मला बटणं रंगवायला ठेवून घेऊ नकोस."

मला रागच आला, खोटं कशाला सांगू? परतताना डोक्यात नुसता हिशेब: इराला शाळेतून कोण आणणार, मीटिंगा कोण सोडणार. निखिल म्हणाला, "गुरुवार-शुक्रवार मी आणतो." एवढे दिवस हे याला सुचलं का नव्हतं, यावर पेनरिथपर्यंत भांडलो. आई मागच्या सीटवर छान झोपली होती.

तर, बाथर्स्टला जरूर जा. थंडी बोचरी असते, स्वेटर घ्या. कुणाला पटवायला मात्र नेऊ नका.

आई मिरजेला परत गेली. गेल्या आठवड्यात इराला ताप भरला, मी घाबरून मिरजेला फोन लावला. "पाणी पाज, कपाळावर पट्ट्या ठेव, आणि क्लास संपला की मीच फोन करते," म्हणून आईने फोन ठेवलासुद्धा. मागे पोरांचा कालवा चालला होता. इतका खणखणीत आवाज तिने माझ्या घरात एकदाही काढला नव्हता.