'वाहन अपघात' आणि भाऊकाका

भाऊकाका गेल्याचा फोन आला तेव्हा मी त्यांचंच पत्र नुकतं टाईप करून संपवलं होतं. सही तेवढी बाकी होती... आणि सही करणारा माणूसच गेला! रडूही आलं, रागही आला.

काका फौजेत कारकून होते. निवृत्त झाल्यावर कामतघरला एका लूमवर, म्हणजे यंत्रमागाच्या कारखान्यात, कापड तपासायचे. बारीकशी चूक दिसली तरी खडूची खूण करायचेच. मालक विनवायचा, "सोडा ना काका, कोन बघतंय?" पण काका ऐकतील तर शपथ! टपरीवरच्या टीव्हीत लढाईचे आकडे लागले की त्यांचा आवाज चढायचा. "मोजले कोनी? एका टेकडीवर दोन तुकड्या चढल्या, दोघींनी तीच मढी आपापल्या नावावर लिवली. शत्रूचे दोनदा मोजले, आपले एकदा पन न्हाय!" लोक हसायचे. मीही हसायचे, खोटं कशाला बोलू?

मग एकदा त्यांनी मला सगळं सांगितलं. त्यांचा दोस्त जगन, अंबाडीचा, फौजेत ड्रायव्हर. लढाईत गाडीवर तोफगोळा पडून तो गेला. पण त्या आठवड्यात आपली हानी 'किरकोळ' दाखवायची होती. साहेब म्हणाले, "वाहन अपघात लिहा." काकांनी मुकाट टाईप केलं. गावाने त्याचा अर्थ लावला, की जगन पिऊन गाडी चालवत होता. त्याची बायको वत्सलाबाई तेच ऐकत म्हातारी झाली.

शेवटी काकांनी अंबाडीला जाऊन वत्सलाबाईंपुढे कबुली दिली. वत्सलाबाई रडल्या नाहीत. म्हणाल्या, "माज्या एकलीच्या कानात नको सांगू भाऊ. लिव, नि गावाला वाचून दाखव." काकांनी लिहिलं, पण गावापुढे वाचलं नाही. आधी नोंद दुरुस्त होऊ दे, म्हणाले, शिक्क्याशिवाय कागदाला कोण विचारतं? दरवर्षी तेच पत्र फौजेच्या कचेरीला पाठवायचे, दरवर्षी उत्तर यायचं, नोंद बरोबर आहे. इथेच माझे काका चुकले. ज्या शिक्क्याने खोटं खपवलं, त्याच शिक्क्याची वाट बघत बसले.

मी नाही बसले. तेरावं झालं आणि ते पत्र घेऊन अंबाडीच्या ग्रामसभेत उभी राहिले. ना सही, ना शिक्का. काकांचेच शब्द मोठ्याने वाचले, "जगन शुद्धीत होता. शत्रूच्या तोफगोळ्याने मेला. अपघात हा शब्द मी लिहिला. तो खोटा आहे."

वत्सलाबाई भिंतीला धरून उठल्या. एकेकाच्या तोंडाकडे बघत म्हणाल्या, "आता बोला. कोन पिऊन होता?"