पाण्याखालची होडी

"कपडे काढ आणि उतर," साहेब म्हणाले. "बघू दे तरी, कुठाय तुझी होडी."

धरणाच्या काठावर आमची अख्खी आदिवासी वाडी उभी होती. होड्यांची नोंदणी करायला शहापूरहून मत्स्य खात्याचे साहेब आले होते. त्यांच्या बाजूला शेठ, ज्याच्याकडे धरणातल्या मासेमारीचा ठेका होता. बाकीच्यांच्या होड्या फायबरच्या, काठावर ओळीनं लावलेल्या. माझी लाकडाची. ती पाण्याखाली होती, पोटात दगड घेऊन.

भर उन्हाळ्यात आम्ही लाकडाची होडी अशीच ठेवतो. बाहेर राहिली तर फळ्या सुकतात, फटी पडतात. पाण्यात त्या फुगून घट्ट बसतात. मी म्हणालो, "साहेब, बुडवून ठेवलीय."

सगळे हसले. शेठ म्हणाला, "चोरीचा माल असणार साहेब. नायतर पाण्याखाली कोण लपवतो?"

चड्डीवर उतरलो. बुडी मारायची, एक दगड उचलायचा, बाजूला टाकायचा, श्वास घ्यायला वर यायचं. वर आलो की हसणं. "मगर आली रे, मगर!" शेठचा ड्रायव्हर ओरडला. मी पन्नाशीला टेकलेला माणूस.

माझी बायको, यमुना, काठावर होती. तिनं डोक्यावरची पाटी खाली ठेवली आणि लुगड्यानिशी पाण्यात आली. दगड काढायला लागली.

"तू जा गो घरी."

"का? होडी काय तुमच्या एकट्याची हाय?"

होडी वर आली. साहेबांनी तिला बुटानं ठोकून पाहिलं.

"कागद?"

"नाय साहेब. आमीच बांधली. बापाच्या घराच्या लाकडाची."

"घराचा कागद?"

"घर धरणात गेलं."

गाव बुडायच्या आधी बापानं घर उतरवलं होतं. तुळया, फळ्या, दारं डोक्यावरून वर वाडीत आणली. ती वर्षानुवर्षं पडून होती. त्यातून आम्ही दोघांनी होडी केली. फळ्या मी जोडल्या. फटींत डांबरात बुडवलेला कापूस यमुनानं ठासला. ह्याची पावती कोण देणार होतं?

साहेब म्हणाले, "सागवान दिसतंय. जंगल खात्याला कळवू का?"

म्हणजे असं. आम्ही बांधली म्हणावं, तर लाकूड चोरलं. नाही बांधली म्हणावं, तर होडी चोरली. आणि नोंद नसलेली होडी पाण्यात घालायची नाही, हा हुकूम. तिकडून बंद, इकडून बंद. मी ओल्या चड्डीत उभा.

शेठनं मला बाजूला घेतलं. ओल्या खांद्यावर हात ठेवला. "माझ्या नावावर कर. लाकडाचं मी बघतो. चालव ना तू, कोण नको म्हणतंय?"

आता जे तेव्हा कुणाला सांगितलं नाही, ते लिहितो.

शहापूरला कचेरीबाहेर प्रतिज्ञापत्र टाईप झालं. होडी शेठच्या मालकीची. मी तिच्यावर रोजानं राबणारा गडी. वाडीत येऊन मी सांगितलं, "वाचायला दिलंच नाय. घाईत सही घेतली." वाडीनं शेठला शिव्या घातल्या. यमुनानं मला ताट वाढलं. मी जेवलो.

खोटं होतं ते. मी आश्रमशाळेत दहावीपर्यंत शिकलोय. तो कागद मी सगळा वाचला. 'गडी' या शब्दावर थांबलो, परत वाचला. मग सही केली. भीती होतीच. पण भीतीपेक्षा वाईट हे, की सही झाल्यावर मला बरं वाटलं. साहेबांनी बसायला खुर्ची दिली होती.

पुढे होडीवर नंबर रंगवला गेला, खाली शेठचं नाव. मासे तोच मोजून घ्यायचा, तो म्हणेल तो भाव. आणि यंदा हिवाळ्यातली म्हसाची जत्रा संपली, तशी त्यानं होडीच मागितली. पर्यटकांना फिरवायला. यमुना होडीत बसून राहिली. उतरेना.

"ए बाई, उतर," ड्रायव्हर म्हणाला. "तुझ्या नवऱ्यानंच लिहून दिलंय."

तिनं माझ्याकडे बघितलं. "सांगा ना त्याला. फसवलं म्हणून सांगा."

मी होडीवरच्या नंबराकडे बघत राहिलो. ती उतरली.

घरी आल्यावर मी म्हणालो, "मी वाचलं होतं."

ती लाकडं फोडत होती. फोडत राहिली. शेवटचं लाकूड फोडून म्हणाली, "मला सांगून काय व्हतंय? तिथं जाऊन सांगा."

दुसऱ्या दिवशी कचेरीत गेलो. कारकुनाला म्हणालो, मी दिलेलं प्रतिज्ञापत्र खोटं आहे.

"खोटं प्रतिज्ञापत्र म्हणजे गुन्हा," तो म्हणाला. "आत जाशील." मग आवाज खाली आणला. माणूस वाईट नव्हता. "असं करू मामा. सहीपुरतं येतं, वाचता येत नाही, असं टाकू. तुमच्या वाड्यांवर वाचतंय कोण? सगळे मानतील. सुटशील."

काठावर हसले होते तेव्हा लागलं नव्हतं, इतकं हे लागलं. हसणाऱ्यांनी मला चोर ठरवलं होतं. हा मायेनं मला अडाणी ठरवत होता. आणि वाचलंच नाय म्हणून सांगून वाडीत मी स्वतःला तेच करून घेतलं होतं.

"वाचता येतं मला," मी म्हणालो. "वाचूनच सही केली. घाबरलो म्हणून केली. तसंच लिहा."

"अडकशील रे."

"लिहा."

त्यानं कोरा कागद माझ्याकडे सरकवला. "मग तूच लिही."

मी लिहिलं. होडी यमुनाची आणि माझी. लाकूड पाण्यात गेलेल्या घराचं. आधीचं जाणूनबुजून खोटं लिहून दिलं.

आता नोटीस आली आहे. होडी परत मिळेल असं कुणी म्हणत नाही. गुन्हा दाखल होईल असं सगळे म्हणतात. लाकडाचाही होईल. शेठचा निरोप आला, अजून माघार घे. वाडीतली शहाणी माणसंही सांगतात, वाचता येत नव्हतं म्हण, मोकळा हो.

मोकळा होणार नाही. सुनावणीला उभा राहीन. जे लिहिलं ते मोठ्यानं वाचून दाखवीन, यमुनाच्या समोर. शिक्षा झाली तर ती खोटं लिहिल्याची घेईन. अडाणी म्हणून सुटका घेणार नाही.