शहाळं काही पाणी नव्हे

माझ्या हुशारीबद्दल तुमचं मत चांगलं असेल, तर चहा संपवून आत्ताच उठा. हे ऐकल्यावर ते टिकायचं नाही.

आमच्या सासूबाई, म्हणजे आई, एके सकाळी हेंद्रेपाड्यातल्या आमच्याच घरात मला म्हणाल्या, "तू कोणाकडे आलीस गं?" आधी मला वाटलं, टोमणा आहे. सुनेला असंच वाटणार ना? मग त्यांनी चहात आमटी ओतली आणि मी नणंदेला फोन लावला. नवरा कामानिमित्त बाहेरगावी. नणंदेच्या ओळखीने उल्हासनगरला, कॅम्प तीनमधल्या एका हॉस्पिटलात त्यांना दाखल केलं.

डॉक्टर म्हणाले, रक्तातलं सोडियम खूप उतरलंय, अंगात पाणी जास्त झालंय, म्हणून हा गोंधळ. दिवसभरात एक लिटरच्या वर पाणी नको. सोडियम चढलं नाही, तर आयसीयूत हलवावं लागेल.

आयसीयू ऐकलं मात्र, मी पाण्यावर पहारा बसवला. बाटली माझ्या पर्समध्ये, पर्स माझ्या काखेत. आईंनी पाणी मागितलं की मी मोजून घोटभर द्यायची, आणि स्वतःवरच खूश व्हायची.

पण त्यांची तहान बघवेना हो! आणि आपल्याकडे पेशंटला भेटायला रिकाम्या हाताने कोण येतं? विठ्ठलवाडीची मावशी शहाळी घेऊन आली. नणंद शहाळी घेऊन आली. अंबरनाथचे भावोजी शहाळी तर घेऊन आलेच, वर थर्मासभर पेज. शेजारच्या खाटेवरच्या सिंधी आजींची सून म्हणाली, "पिलाओ दीदी, ताकत आएगी." मग काय, मी पाजत सुटले. पाणी मात्र मापात.

पुढचा रिपोर्ट आला, तर सोडियम आणखी खाली. आई आधीच गोंधळलेल्या, आता डॉक्टरही गोंधळले, आणि मी तर पार चक्रावले. आई मला नर्स समजून 'सिस्टर' म्हणायला लागल्या होत्या. डॉक्टरांनी विचारलं, पाणी जास्त जातंय का? मी देवाशपथ सांगितलं, एक थेंब जास्त नाही.

तेवढ्यात खाटेवरून आई म्हणाल्या, "ही सिस्टर पाणी देतच नाही हो. तहान लागली की शहाळं देते."

डॉक्टर वाकले. खाटेखाली रिकाम्या शहाळ्यांचा ढीग होता.

"ताई, शहाळ्यात काय असतं?"

"ताकद," मी म्हणाले.

डॉक्टरांनी शहाळी उचलायला सांगितली. सिस्टरने पेजेचा थर्मासही उचलून नेला. त्या दिवसापासून चहा, पेज, शहाळं, सगळं त्या एका लिटरात धरलं गेलं आणि सोडियम हळूहळू चढलं. आईंनी मला नावाने हाक मारली, तेव्हा मी चक्क रडले.

घरी सोडायच्या सकाळी डॉक्टरांनी आईंना शेवटचं विचारलं, "आजी, आज वार कोणता?"

"बुधवार."

मी घाईने मध्ये पडले. "नाही हो डॉक्टर, मंगळवार आहे आज. अजून गोंधळ आहे बघा त्यांचा. इतक्यात सोडू नका."

डॉक्टरांनी सिस्टरकडे पाहिलं. सिस्टरने भिंतीवरच्या कॅलेंडरकडे पाहिलं. बुधवारच होता.

आईंनी पदर सारखा केला आणि शांतपणे म्हणाल्या, "डॉक्टर, आता हिचं पाणी कमी करा. शहाळी धरून."