छबुबाईची पुकार

नेकनूरच्या माणसांनी छबुबाईला पहिल्यांदा नीट पाहिलं ते बीडच्या अदालतीत. तोवर गावाला ठाऊक होता तो तिचा पदर. त्याखाली एक सावळी, नाकेली बाई आहे, एवढंच लोक जाणून होते.

निजामाच्या राज्यातले ते दिवस. छबुबाईचा नवरा त्रिंबक पटकीने गेला. जिवंतपणीच तो थोरल्या भावापासून, मोहनरावांपासून, वेगळा निघाला होता. अर्धं शेत आणि विहिरीवरची पाळी त्याच्याकडे आली होती. तो गेल्यावर मोहनराव म्हणाले, वाटणी झालीच नव्हती. खालच्या अदालतीला ते पटलं. छबुबाईने अपील केलं. ते गेलं असतं तर शिरूरला भावाच्या दारी जन्म काढायचा, एवढंच उरलं होतं.

तारखेला भाऊ गहिनीनाथ तिला गाडीतून घेऊन आला. वकिलाचा कारकून दारातच भेटला. वकीलसाहेब औरंगाबादेत अडकले होते. तो म्हणाला, "पुकार झाली की तुमच्यापैकी कुणीतरी हाजर म्हणा, पुढची तारीख मिळेल. कुणी बोललं नाही तर अपील खारीज. मग जज्जसाहेब कागद उघडूनसुद्धा पाहणार नाहीत." एवढं सांगून तो स्टँप आणायला गेला.

"म्या म्हणतो की हाजर," गहिनीनाथ म्हणाला. "तू निस्ती उभी ऱ्हा, आक्का. बैलं पाजून आलोच." आणि तो बिंदुसरा नदीकडे उतरला. नंबर दुपारून लागेल असा त्याचा अंदाज होता.

पण आधीच्या दोन्ही दाव्यांत तडजोड झाली आणि चपराशी एकदम बाहेर आला.

"मुसम्मात छबुबाई, बेवा त्रिंबक, हाजिर है?"

परक्या पुरुषाने आपलं नाव इतक्या मोठ्यानं घेतलेलं तिने कधी ऐकलं नव्हतं. ती आवारातल्या कडुलिंबाआड उभी होती. नदीच्या वाटेवर नुसता धुरळा होता. आणि अदालतीच्या पायरीवर, गावच्या चार माणसांत, मोहनराव बसले होते. तिचे भाया. लग्न होऊन आल्यापासून त्यांनी तिचा आवाज ऐकला नव्हता. ते खाकरले की ती आत जायची. त्रिंबकाला उचललं तेव्हाही तिने पदराचा बोळा तोंडात कोंबून रडणं आवरलं होतं.

दुसरी पुकार झाली. छबुबाईने पदर दातांत घट्ट धरला.

मोहनरावांना लिंबाआडचं लुगडं दिसलं होतं. ते चपराशाला म्हणाले, "कशाला घसा फोडता, जमादार? आली आसंल तर बोलंल की."

चारही माणसं हसली. ती बोलणार नाही, हे त्यांनाही माहीत होतं.

बोललं तर गावात राहायचं कसं, आणि न बोललं तर राहायचं कुठं, यापुढं तिला विचार करताच येईना. चपराशाने तिसऱ्यांदा नाव घेतलं आणि तो आत वळला. त्याची पाठ दिसली तसा तिच्या दातांतला पदर सुटला.

"हाय. म्या हितं हाय. हाजर हाय."

आवाज निघाला तो ज्वारीत माळ्यावर उभं राहून पाखरं हाकलायचा. दुसरा मोठा आवाज तिच्याजवळ नव्हताच. चपराशी दचकून थांबला, आत जज्जसाहेबांनी मान वर केली. मोहनराव खाली बघत वहाणा शोधू लागले.

तारीख मिळाली. सुटलेला बैल धरून गहिनीनाथ धावत आला, तेव्हा ती लिंबाचा बुंधा धरून उभी होती.

"खारीज झालं का, आक्का?"

"न्हाई," ती म्हणाली. "पर भाया आता काय म्हनतील रं?"

गावात शिरेपर्यंत तिने पदर डोळ्यांपर्यंत ओढून घेतला होता. भाया काहीच म्हणाले नाहीत, आणि त्याचीच तिला कितीतरी दिवस जास्त भीती वाटली. पुढे वकील उभे राहिले, वेगळ्या चुलीच्या साक्षी झाल्या, वाटणी खरी ठरली.

त्यानंतर छबुबाई आपलं अर्धं शेत स्वतः करू लागली. विहिरीच्या पाळीचं काही सांगायचं असलं की ती शेजारच्या सुंदरबाईकडून निरोप धाडायची, आणि मोहनराव अंगणात खाकरले की पूर्वीसारखीच आत जायची.